पहिला बळी आजीचा

मंगळवार, ३ तारीख

लेकी,

अक्षरावरून कळलंच असेल कुणाचं पत्र ते. फाडू नकोस. आधी वाच, मग हवं तर फाड. दोन वर्षांत मी तुला एक ओळ लिहिली नाही, आणि आज बसले ती भांडायला बसलेली नाही. बातमीच अशी आहे की कुणाला सांगितल्याशिवाय मला घास उतरेना, आणि इथं ज्याला त्याला आधीच ठाऊक. मग सांगू कुणाला?

तुझी आई सिनेमात मरणार आहे.

हस. मीपण हसले. शिंपीदादा तर इतका हसला की त्याच्या तोंडातली टाचणी पडली, ती अजून सापडली नाही, आणि त्याला वाटतंय आपण गिळली.

नीट सांगते. गावात सिनेमावाले आलेत. बंद गिरणीत बस्तान मांडलंय. सिनेमा भुताचा नाही, त्याहून वाईट. एका गावातली पोरं एक दिवस उठतात आणि मोठ्या माणसांना मारत सुटतात. आईबाप, मास्तर, डॉक्टर, कुणाला सोडत नाहीत. मी डायरेक्टरला विचारलं, "अरे पण का मारतात? काही कारण?" तर म्हणाला, "आजी, ते शेवटपर्यंत सांगायचंच नाही, त्यातच गंमत." दाढीवाला म्हणते मी त्याला. वय तुझ्याएवढंच असेल, पण दाढी अशी की आत पाखरानं अंडी घालावीत.

तर त्यांना चाळीस पोरांचे एकसारखे पांढरे सदरे हवे होते. काम शिंपीदादाकडे आलं, काज-बटण माझ्याकडे. एकेका पोराचे तीन सदरे. एक कोरा, एक थोडा रक्ताचा आणि एक पुरता माखलेला. एकशेवीस सदरे गं! बोटं सोलून निघाली, पण एक काज वाकडं दाखव. आणि गठ्ठा घेऊन गेले तर त्या लोकांनी माझ्यादेखत कोऱ्या सदऱ्यांवर बादलीनं लाल रंग ओतला. माझ्या तोंडून अशी काही किंकाळी निघाली की दाढीवाला पार गिरणीच्या आतून पळत आला. "कोण ओरडलं? कोण ओरडलं?" मी म्हटलं, मी ओरडले, आणि परत ओरडेन. तो म्हणाला, "परत ओरडा." झालं. निवड झाली माझी.

मग त्याची नजर गेली माझ्यामागे. भिंगरी उभी होती. तुझी लेक आता नऊ वर्षांची झाली, उंच झाली, पण तू ठेवलेलं नाव काही खोटं पडलेलं नाही, एका जागी दोन मिनिटं नाही. तरी त्या रंगाकडे बघत मात्र स्तब्ध उभी होती. दाढीवाला खाली बसला, तिच्या डोळ्यांत बघितलं आणि म्हणाला, "सगळ्या पोरांची म्होरकी ही." मोठा पार्ट आहे. पहिला खून तिचाच, आणि पहिला बळी आजीचा. म्हणजे आमचं काम घरातल्या घरातच.

पोरीला घ्यायचं तर एक कागद करावा लागतो, तो केला. त्यात विशेष काही नाही.

फोन का केला नाही म्हणशील. औषधवाल्याच्या दुकानात उभं राहून मी ओरडणार, तिकडून तू ओरडणार, आणि खोकल्याचं औषध न्यायला आलेली माणसं खोकायची थांबून ऐकणार. नको.

तू नोकरीवर असशील. चादरी अजून तूच धुतेस की आता मशीन आलं? हॉस्पिटलात धुलाईला एवढी माणसं लागतात हे मला तुझ्यामुळे कळलं. तुझा ड्रायव्हर बरा आहे ना? बरं, तुझा नवरा म्हणते. झालं समाधान?

तुझी आई (शुक्रवारपर्यंत जिवंत)


शुक्रवार, ६ तारीख

लेकी,

मेले. एकदा नाही, आठ वेळा!

गिरणीच्या माळ्यावर जायला लाकडी जिना आहे. मी वरच्या पायरीवर बसून शिवत असते, भिंगरी मागून येते, मी म्हणते, "आलीस का गं?" आणि ती मला ढकलते. खाली तीन गाद्या, एकीवर एक. मी पडते तेव्हा कॅमेऱ्याला गाद्या दिसत नाहीत, नुसती म्हातारी दिसते जाताना. पहिल्यांदा पडले तर इतकं छान वाटलं, लहानपणी गवताच्या गंजीवरून उडी टाकायचो तसं. मी खाली हसते आहे, वर भिंगरी पोट धरून हसते आहे. दाढीवाला म्हणाला, "पुन्हा." दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदा तिनं ओठ चावून धरले, पण मी पडताना "अगं बाई गं!" म्हटलं आणि तिचा बांध फुटला. सात वेळा! चाळीस पोरं खाली मोजत होती, "आजी मेली एक, आजी मेली दोन."

वहीवाली म्हणून एक मुलगी आहे त्यांच्यात. तिचं काम एवढंच, की मागच्या वेळी कुठलं बटण उघडं होतं, केसाची बट कुठं होती, घाम किती होता, सगळं वहीत टिपायचं. सिनेमा तुकड्यातुकड्यांनी आणि मागचं पुढं करून काढतात ना, मग तुकडे जुळले पाहिजेत. ती मला दर वेळी पुन्हा तशीच बसवायची, सुई त्याच बोटात, धागा तेवढाच लांब. काम चोख आहे पोरीचं. मला आवडली.

सातव्यांदा झाल्यावर दाढीवाल्यानं भिंगरीला बाजूला नेलं. तिच्या कानात काहीतरी सांगितलं. फार नाही, दोन वाक्यं असतील. ती परत आली आणि मी म्हटलं, "आलीस का गं?"

काय सांगू तुला! असा चेहरा मी जन्मात पाहिला नाही. राग नाही, काही नाही. नुसती बघत होती माझ्याकडे, पापणी न हलवता. आणि ढकललं. मी गादीवर पडले तरी वर बघत राहिले, तर ती पायरीवरून अजून बघतच होती. गिरणीत टाचणी पडली असती तर शिंपीदादाला तेवढीच सापडली असती. मग सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. दाढीवाल्याचे डोळे भरून आले. म्हणाला, "असं काम मोठ्यांना जमत नाही."

माझी छाती अशी फुगली! तुझाच गुण आलाय तिच्यात. तूपण लहानपणी मास्तरांसमोर रडून दाखवायचीस.

घरी आल्यावर गप्प होती. दमली असेल. शनिवारच्या शाळेची तयारी केली, हातपाय धुतले, जेवली. आणि हो, आता पोस्टमनची वाट बघत नाही. रोज संध्याकाळी त्याची सायकल ऐकली की उठून दारात जायची, "माझं काही?" विचारायची, तो "नाही बाळ" म्हणायचा. आज सायकल वाजली तरी जागची हलली नाही. शहाणी होत चालली.

तुझी पत्रं येतात ती मिळतात मला. पोस्टमनला सांगून ठेवलंय, ती शिंपीदादाच्या दुकानी टाकतो. का ते नंतर सांगते.

आई


शनिवार, ७ तारीख, दुपार

लेकी,

कालचं पत्र टाकून आले आणि बसवेना. काज करायला घेतलं, उसवलं. परत केलं, परत उसवलं. शिंपीदादा म्हणाला, "आई, कापडाचा जीव जाईल." शेवटी उठले आणि सरळ गिरणीत गेले. दाढीवाल्याला विचारलं, "काल तिच्या कानात काय सांगितलंत?"

तो म्हणाला, "कागदावरून मला कळलं ना आजी. मी म्हटलं, तुझी आई गेली, आणि आजीनं ते तुझ्यापासून लपवून ठेवलं. आता वर जा आणि आजीकडे बघ."

तर आता कागदाचं ऐक. त्यावर आईची सही लागत होती. वहीवालीनं विचारलं, "हिची आई कुठं असते?" तुझ्याकडे कागद पाठवला असता तर तू सही केली असतीस? पोरीला न्यायला आली असतीस. मी म्हटलं, "वारली." तोंडातून गेलं. गेलं कसलं, मी म्हटलं. वहीवालीनं माझा हात धरला, आणि मी तो धरू दिला. बापाचं विचारलं तेव्हा मात्र खरं सांगितलं, त्याला जाऊन पाच वर्षं झाली म्हणून. एका खऱ्याशेजारी एक खोटं खपून गेलं.

तू म्हणशील, पोरीनं विश्वास कसा ठेवला? ठेवेल नाही तर काय. दोन वर्षांत आईची एक ओळ नाही. अकरा पत्रं लिहिलीस तू तिला, ती अकराही माझ्या पेटीत आहेत, जुन्या लुगड्यांच्या घडीत. आणि मागल्या वर्षी तू आलीस तेव्हा घराला कुलूप होतं ना, तर आम्ही कुठं गावाला गेलो नव्हतो. शिंपीदादाच्या माडीवर होतो. तिला म्हटलं, चल, गंमत बघू, कापडाच्या गठ्ठ्यांत लपू. खिडकीतून तुझी पाठ दिसली मला. निळी पिशवी होती तुझ्या हातात.

मी काय म्हणते, तूच म्हणाली होतीस ना, नवीन संसार आहे, सहा महिने सांभाळ. सहा महिन्यांत पोर माझ्या पोटाशी अशी चिकटली की मला सोडवेना. सातव्या महिन्यात तू "पाठव" म्हणालीस तेव्हा मी नवऱ्यावरून तुला नको ते बोलले. ते सगळं खोटं होतं. मला तिला द्यायचं नव्हतं, एवढंच.

मी दाढीवाल्याला म्हटलं, तिची आई जिवंत आहे. तो खुर्चीवरून उठला, बसला. फार घाबरला. मग म्हणाला, "बुधवारी काम संपतंय. तोवर सांगू नका, हात जोडतो. तो चेहरा गेला की गेला. सिनेमाचा शेवट त्या चेहऱ्यावर आहे. चेहरा जुळला पाहिजे."

मी "बरं" म्हणाले.

चार दिवसांचा तर प्रश्न आहे. आणि ती खुशीत आहे, सगळे डोक्यावर घेऊन नाचतात. बुधवारी सांगते. नक्की.


रविवार, ८ तारीख

लेकी,

अजून सांगितलं नाही.

आज शूटिंगला सुट्टी. पोरं गल्लीत सिनेमा-सिनेमा खेळत होती. मी ओट्यावर. एकेक पोर मोठं माणूस व्हायचं, भिंगरी बोट दाखवायची, की ते मरायचं, मग हसत उठायचं. शिंपीदादाची धाकटी मेली, पाच वर्षांची आहे, आणि उठायला लागली. भिंगरी म्हणाली, "उठायचं नाही."

"माझी पाळी झाली."

"मेलेलं माणूस उठत नाही. तू मेलीस. आता तू कधीच उठायचं नाहीस."

अंगावर ओरडली नाही गं, शांतपणे सांगत होती, जशी मास्तरीण. बाकीची पोरं गोल करून उभी राहिली, कुणी हसेना. ती लहानगी रडायला लागली, पण उठेना. धुळीत पडून रडत होती. मी जाऊन तिला उचललं तेव्हा भिंगरी माझ्याकडे बघत होती. जिन्यावरचाच चेहरा. दोन दिवस झाले, तो उतरलेला नाही. मी त्याला काम समजून टाळ्या घेतल्या.

मी तिला म्हटलं, "चल गं घरात." तर म्हणाली, "तू आधी जा. मी येते मागून."

मी घरचा जिना चढताना भिंतीला धरून चढले. स्वतःच्या नातीला भ्याले मी आज.


सोमवार, ९ तारीख

लेकी,

फोनवर तुझ्याशी धड बोलता आलं नाही, तू आणि भिंगरी रडत होतात आणि मी दुकानाबाहेर उभी होते. म्हणून जे झालं ते लिहिते. हे पोचेल तेव्हा तू इथं असशील, तरी लिहिते, नाहीतर मला चैन नाही.

सकाळी पेटी उघडली, अकरा पत्रं पदरात बांधली आणि गिरणीच्या आवारात गेले. चाळीस पोरं रांगेत, सगळ्यांना पुरते माखलेले सदरे. माझी काजं लाल झालेली. भिंगरी सगळ्यांच्या पुढं. कॅमेरा तिच्यासमोर. दाढीवाला बोट वर करून उभा, आता सुरू म्हणणार, तेवढ्यात मी चालत मधोमध गेले.

तो ओरडला, "आजी! तुम्ही मेलेल्या आहात! बाजूला व्हा!"

पोरं खदखदा हसली. मी म्हटलं, "मेलेली तर मेलेली, मी हलत नाही."

"आजी, ऊन चाललंय!"

"जाऊ दे ऊन."

मी भिंगरीसमोर खाली बसले. गुडघे वाजले कडाकड. म्हटलं, "तुझी आई जिवंत आहे. हे खोटं मी सांगितलं, यांनी नाही. ही तिची पत्रं. तुझी आहेत. मी लपवली."

ती हलली नाही. मग तिनं हात पुढं केला. गाठ सुटेना माझ्यानं, वहीवालीनं येऊन सोडवली. एक शब्द बोलली नाही माझ्याशी ती मुलगी, पण सोडवली. भिंगरी तिथंच धुळीत बसली आणि पहिल्यापासून वाचायला लागली. बोटांचा रंग कागदाला लागत होता. अक्षर अडलं की वहीवालीला दाखवायची, मला नाही. चाळीस रक्तानं माखलेली पोरं भोवती उभी, आणि शिंपीदादाची धाकटी हळूच विचारत होती, "काय लिहिलंय? काय लिहिलंय?"

दाढीवाल्यानं कॅमेरावाल्याला खूण केली, चालू ठेव म्हणून. बघितलं मी. उठले आणि भिंगापुढं पाठ करून उभी राहिले. ज्या कॅमेऱ्यासाठी मी आठ वेळा मेले, त्याला नुसतं माझं लुगडं दिसलं. त्यानं दाढी ओढली, शिव्या दिल्या, मग स्वतःच जाऊन भिंतीशी बसला.

नवव्या पत्रात तुझ्या हॉस्पिटलचा फोन नंबर होता. भिंगरी तिथं थांबली. "हा आत्ता लागेल?" म्हणाली. औषधवाल्यानं तिला त्या सदऱ्यात बघितलं आणि कपाटातून आधी पट्टीचा गठ्ठाच काढला.

पुढचं तुला माहीत आहे.


गुरुवार, १२ तारीख

लेकी,

उद्या तू येणार. हे पत्र मी भिंगरीच्या पिशवीत तळाशी ठेवते, तुम्ही गेल्यावर तुझ्या हाती लागेल. समोर बसून तू बोलशील ते मी ऐकून घेईन, माझ्याकडे उलटून बोलायला काही उरलेलं नाही. पोरीला न्यायची आहे, ने. माझ्याकडून आडकाठी नाही. मला यायला सांगशील की नाही, ते तू ठरव, मी विचारणार नाही. म्हणजे आत्ता विचारल्यासारखंच झालं, पण ते सोड.

तिनं सिनेमाचं काम पुरं केलं. मी म्हटलं, नको करूस. तर म्हणाली, "अर्ध्यावर काम टाकायचं नाही, तूच शिंपीकाकांना सांगतेस." पण चेहरा काही जुळला नाही. काल तीन वेळा करून बघितलं, तीनही वेळा ती नुसती आपली भिंगरी दिसत होती, कधी एकदा पळते अशी. दाढीवाल्यानं वहीवालीकडे बघितलं. तिनं वही मिटली आणि म्हणाली, "नाही जुळत. बरं झालं." आता तो शेवट काय करणार, त्याचं तो जाणे.

दोन-तीन दिवस भिंगरी माझ्याशी कामापुरतं बोलत होती. "पाणी दे." "शाळा आहे." काल शूटिंग संपवून आली तर मानेवरचा लाल रंग निघेना. मी तेल लावून चोळत बसले. ती माझ्याकडे पाठ करून पाटावर. बराच वेळ झाला, पाणी निवलं, आणि एकदम म्हणाली,

"आजी, शेवटच्या वेळी पडलीस तेव्हा लागलं का तुला?"

"गाद्या होत्या की गं."

"गाद्या होत्या म्हणून नाही ढकललं मी."

"मला माहीत आहे."

"खरंच ढकललं."

"माहीत आहे, बाळा."

"मग ओरडली का नाहीस?"

मी म्हटलं, "ओरडायला सुचलंच नाही. तुझ्याकडे बघत होते."

 तिचे खांदे हलायला लागले, मी आपली चोळत राहिले, चोळून चोळून आता रंग नव्हताच तिथं. मग तिनं माझा हात पकडून स्वतःच्या मानेवर तसाच दाबून धरला आणि म्हणाली, "हे आईला सांगू नकोस हं."

मी "नाही सांगत" म्हटलं. पण आता मी काही लपवायचं नाही असं ठरवलंय, म्हणून लिहून टाकलं. तुला कळलंय हे तिला कळू देऊ नकोस. एवढं एक तू आणि मी मिळून सांभाळू.

आई